गोळ्यातून निसटणारे न्यूट्रॉन: एम.एस्सी. प्रकल्पाच्या नोंदी

१४ जुलै २०२५

विषय एकदाचा ठरला. विभागात पातळ थरांचं यंत्र चालू स्थितीत आहे, त्यामुळे बहुतेक जण तिकडेच वळले. मला आकडेमोडीचं काहीतरी हवं होतं. युरेनियमच्या गोळ्यात न्यूट्रॉन सोडायचे, त्यांच्या पिढ्या मोजायच्या आणि गोळा क्रिटिकल आहे की नाही ते प्रोग्रॅमनं सांगायचं. पाठ्यपुस्तकात याला 'क्रांतिक' म्हणतात. वर्गात मात्र सगळे क्रिटिकलच म्हणतात, मीही तेच लिहिणार.

पुस्तकातली व्याख्या एका ओळीची आहे. या पिढीतले न्यूट्रॉन भागिले मागच्या पिढीतले न्यूट्रॉन म्हणजे 'के'. एकाच्या खाली असेल तर साखळी विझते, एक असेल तर टिकते, वर असेल तर वाढत जाते. गेल्या सत्रात हे लिहून पूर्ण मार्क मिळवले होते. आज प्रकल्पाच्या मार्गदर्शक मॅडमनी विचारलं, "के कशावर ठरतो?" मी म्हटलं, "पदार्थावर." त्या नुसत्या हसल्या.

त्यांची एकच अट: उत्तर आधी माहीत असलेलं गणित घ्यायचं. नाहीतर प्रोग्रॅम चुकलाय हे कळणारच नाही.

१७ जुलै

गणित सापडलं. अमेरिकेतल्या लॉस अलामोस या अणुसंशोधन प्रयोगशाळेच्या लोकांनी असे प्रोग्रॅम तपासायला एक प्रश्नसंच केला आहे. त्यात सगळे न्यूट्रॉन एकाच वेगाचे धरतात आणि धडकेनंतर ते कुठल्याही दिशेला सारख्याच शक्यतेनं जातात. त्यातला युरेनियम-२३५चा उघडा गोळा घेतला. आकडे असे: एक सेंटीमीटर प्रवासात धडक होण्याचा एकूण दर ०.३२६४. त्यात विखुरण (न्यूट्रॉन नुसता दिशा बदलतो) ०.२४८०६, विखंडन (अणूचं केंद्रक फुटतं) ०.०६५२८, नुसतं गिळणं ०.०१३०६. एका विखंडनातून सरासरी २.७ नवे न्यूट्रॉन. क्रिटिकल त्रिज्या ७.४२९ सेंमी.

भागाकार केल्यावर आकडे किती सोपे आहेत ते दिसलं. शंभर धडकांपैकी ७६ नुसत्या विखुरणाच्या, २० विखंडनाच्या, ४ गिळण्याच्या. शंभर बाजूंचा फासा टाकायचा, बस.

आणखी एक आकडा वहीत मोठ्या अक्षरांत लिहून ठेवला. गोळा अमर्याद मोठा असता, म्हणजे बाहेर जायला जागाच नसती, तर के = २.७ × २० ÷ २४ = २.२५. पदार्थावरून एवढंच कळतं. ७.४२९ सेंमीच्या गोळ्यात तोच के बरोबर एक होतो. मग मधला सव्वा गेला कुठे? (उत्तर माहीत आहे, पण प्रोग्रॅमकडून काढून घ्यायचं आहे.)

हेही नोंदवून ठेवते की हा खरा युरेनियम नाही. लॉस अलामोसचा 'गोडायव्हा' नावाचा खरा उघडा गोळा सुमारे ८.७ सेंमी त्रिज्येचा होता. एकाच वेगाचे न्यूट्रॉन ही आपण सोयीसाठी धरलेली गोष्ट, तेव्हा हा फरक राहणारच.

२३ जुलै

एका न्यूट्रॉनचं आयुष्य लिहून काढलं. कुठे जन्मला, कुठल्या दिशेला निघाला, पुढच्या धडकेपर्यंत किती लांब गेला. तिथे पोचल्यावर गोळ्याच्या बाहेर असेल तर संपला, आत असेल तर फासा. विखुरला तर नवी दिशा. विखंडन झालं तर त्या जागी पुढच्या पिढीचे न्यूट्रॉन नोंदवायचे.

अंतर काढायला शून्य ते एकमधला यादृच्छिक आकडा घ्यायचा, त्याचा लॉगरिदम घ्यायचा, चिन्ह उलटं करायचं आणि ०.३२६४ ने भागायचं. आधी एक्सेलमध्ये हजार ओळींवर करून पाहिलं, मग पायथनमध्ये उतरवलं. दोन्हीकडची उत्तरं जुळेनात म्हणून पायथनमध्ये थोडा बदल केला. मग जुळली.

२९ जुलै

पहिली पूर्ण धाव. पिढीला १,००० न्यूट्रॉन, १०० पिढ्या. के = १.२५.

खूश झाले. एकाच्या जवळपास आहे, आता बारीकसारीक दुरुस्त्या तेवढ्या राहिल्या. मॅडमना मेसेज केला. उलट उत्तर आलं: "तुझ्या उत्तरातली चूक किती?" हिशेब केला. एक न्यूट्रॉन ०.३७ शक्यतेनं विखंडन करतो आणि केलं तर २.७ देतो. म्हणजे एका न्यूट्रॉनमागचा विखुरलेपणा सुमारे १.३. एक लाख न्यूट्रॉनसाठी तो वर्गमूळानं भागला की ०.००४. माझं उत्तर ०.२५ नं चुकलंय, म्हणजे साठपट. याला बारीकसारीक म्हणत नाहीत.

३० जुलै

मॅडम: "के राहू दे. न्यूट्रॉन सरासरी किती लांब जातो ते छाप."

एक भागिले ०.३२६४ म्हणजे ३.०६ सेंमी यायला हवं. छापून आलं १.३३. दोन्हींचं गुणोत्तर २.३०. नैसर्गिक लॉग आणि दहाच्या पायाचा लॉग यांचं गुणोत्तर, अकरावीपासून पाठ असलेला आकडा! एक्सेलमध्ये 'लॉग' लिहिलं की दहाच्या पायाचा मिळतो, नैसर्गिक हवा असेल तर 'एलएन' लिहावं लागतं. आणि मी पायथनमध्ये जो 'थोडा बदल' केला होता तो म्हणजे बरोबर असलेलं काढून लॉग१० घालणं. बरोबर उत्तर चुकीच्या उत्तराशी जुळवून घेतलं.

याचा परिणाम काय झाला ते बघण्यासारखं आहे. न्यूट्रॉनची उडी सव्वादोन पटीहून आखूड झाली, म्हणजे न्यूट्रॉनच्या लेखी गोळा तेवढाच मोठा झाला. आतच अडकून पडले बिचारे, के फुगला.

दुरुस्त करून पुन्हा धाव. के = ०.७४. आता एकाच्या खाली.

२ ऑगस्ट

दोन दिवस भूमितीत शोधत बसले. चूक तिथे नव्हतीच. रात्री जेवताना ०.७४ वर नजर खिळली आणि २ भागिले २.७ करून पाहिलं. ०.७४०७.

विखंडनातून २.७ न्यूट्रॉन येतात, पण यादीत २.७ नोंदी कशा घालणार? मी पूर्णांक घेतला होता, आणि पायथन २.७ चा पूर्णांक २ करतो. प्रत्येक विखंडनामागे ०.७ न्यूट्रॉन मी स्वतःच गिळत होते. आता प्रत्येक वेळी दोन नक्की, आणि तिसरा ०.७ शक्यतेनं.

पहिल्या दिवशीचा १.२५ म्हणजे या दोन चुकांचा गुणाकार: लॉगमुळे १.६९, पूर्णांकामुळे गुणिले ०.७४. एक वर ढकलत होती, दुसरी खाली ओढत होती. चुकांचे आकडे जरा वेगळे असते तर गुणाकार बरोबर एक आला असता, आणि मी प्रकल्प बांधायला देऊन मोकळी झाले असते.

४ ऑगस्ट

के = १.००२, कमी-जास्त ०.००४.

आजची तारीख योगायोगानं छान पडली. ४ ऑगस्ट १९५६ ला तुर्भ्याची अप्सरा अणुभट्टी पहिल्यांदा क्रिटिकल झाली होती. अहवालाच्या पहिल्या पानावर घालावं का? मॅडम म्हणाल्या, "आधी पिढीला दहा हजार न्यूट्रॉन घे."

९ ऑगस्ट

दहा हजार न्यूट्रॉन, दोनशे पिढ्या: ०.९९९३, कमी-जास्त ०.०००९. माझ्या लॅपटॉपवर मिनिटभर लागतो.

सुरुवातीच्या तीस पिढ्या टाकून द्याव्या लागतात. मी सगळे न्यूट्रॉन गोळ्याच्या मध्यबिंदूवर जन्माला घालते. तिथून बाहेर पडणं अवघड, त्यामुळे पहिल्या काही पिढ्यांत के एकाच्या बराच वर दिसतो. हळूहळू ते गोळाभर पसरतात, मध्ये दाट आणि कडेला विरळ, आणि मग पुढे हा पसारा बदलत नाही.

आज जमाखर्च छापून घेतला. जन्मलेल्या शंभरांपैकी:

गोळ्याबाहेर निसटले ५५-५६
विखंडन केलं ३७
नुसते गिळले गेले ७-८

३७ × २.७ = १००. चक्र पूर्ण.

मधला सव्वा कुठे गेला त्याचा पत्ता लागला. निम्म्याहून जास्त न्यूट्रॉन काहीही न करता बाहेर पडतात. मरेपर्यंत एका न्यूट्रॉनच्या सरासरी दोन धडकाही होत नाहीत. मोठ्या वीज-अणुभट्टीत गळती काही टक्क्यांचीच असते, तिथे खरी मारामारी इतर शोषकांशी. या छोट्या गोळ्यात मात्र सगळा खेळ पृष्ठभागाचा आहे. विखंडनं घनफळात होतात, गळती पृष्ठभागातून. त्रिज्या वाढवली की पहिलं घनानं वाढतं, दुसरं वर्गानं. क्रिटिकल आकारमान नावाची चीज अस्तित्वात का आहे, ते मला आत्ता कुठे उमगलं.

१६ ऑगस्ट, बोईसर

जोडून सुट्टी आली म्हणून मामाकडे आले आहे. तो तारापूरच्या अणुवीज केंद्रात होता, आता निवृत्त.

एक गोष्ट महिनाभर टोचत होती. प्रोग्रॅममध्ये प्रत्येक पिढीनंतर मी न्यूट्रॉनची संख्या पुन्हा दहा हजारांवर आणते. जास्त झाले तर चिठ्ठ्या टाकून काढते, कमी पडले तर तेच पुन्हा घेते. नाहीतर के १.०५ असेल तर शंभर पिढ्यांत शंभरपटीच्या वर जातात आणि लॅपटॉप बसतो. पण ही लबाडी नाही का? ज्या वाढीतून के मोजायचा, तीच वाढ मी दर पिढीला कापते.

मामाला विचारलं. त्यानं उलट मलाच विचारलं, "आमची भट्टी पूर्ण ताकदीवर, ५४० मेगावॅटला चालू असते तेव्हा के किती?"

मी जरा चाचरत म्हटलं, "बराच जास्त असेल..."

"एक. आणि सुरुवातीला, वीज शून्य, नुसती क्रिटिकल केलेली असते तेव्हा?"

"एक?"

"मग?"

मग काय. चहा निवला तरी मी तिथेच बसून होते. के सांगतो तो वाढीचा कल. न्यूट्रॉन किती आहेत ते तो सांगत नाही. शंभराचे शंभर झाले तरी एक, अब्जाचे अब्ज झाले तरी एक. शिकागोची पहिली अणुभट्टी १९४२ साली अर्ध्या वॅटवर क्रिटिकल होती, विजेरीचा दिवाही लागला नसता. ताकद वाढवायची असेल तर के थोडा वेळ एकाच्या किंचित वर नेतात आणि हव्या त्या पातळीला पोचल्यावर परत एकावर आणतात. खाली यायचं तर उलट. म्हणजे माझी चिठ्ठ्यांची पद्धत लबाडी नाही. प्रत्येक पिढीचं गुणोत्तर कापण्याआधीच मोजून झालेलं असतं, आणि संख्या कापल्यानं गोळा बदलत नाही.

तारापूरची चार नंबरची भट्टी ६ मार्च २००५ ला क्रिटिकल झाली, त्या दिवसाबद्दल मामा तासभर बोलला. जड पाण्यात आधीच बोरॉन घातलेलं असतं. ते न्यूट्रॉन गिळतं. मग पाणी रेझिनमधून फिरवत ते थोडं थोडं काढून घेतात, आणि प्रत्येक टप्प्यावर थांबून न्यूट्रॉन मोजतात. "घाई कोणालाच नसते," तो म्हणाला, "आणि झोपही कोणाला येत नाही."

आजीनं मधेच विचारलं, "भट्टी क्रिटिकल झाली तर पेढे कसले वाटता रे?" तिच्या लेखी क्रिटिकल म्हणजे आयसीयू.

२४ ऑगस्ट

मामाच्या 'थांबून मोजतात'चा प्रयोग. प्रोग्रॅमला वेगळं रूप दिलं. आता पिढ्यांची छाटणी नाही. गोळ्यात सगळीकडे बाहेरचे न्यूट्रॉन टाकायचे आणि साखळी विझेपर्यंत एकामागे एकूण किती झाले ते मोजायचं. हे गुणन. के ०.९ असेल तर एकाचे साधारण दहा, ०.९९ असेल तर शंभर: एक भागिले (एक वजा के). गोळा क्रिटिकलच्या खाली असतानाही गुणन चालूच असतं, फक्त स्वतःच्या बळावर टिकत नाही.

५ सेंमी त्रिज्येला ३.३ पट, ६ ला ५.८, ६.५ ला ९, ७ ला २०. पुढे हा आकडा आभाळाला भिडतो, म्हणून आलेखावर तो न मांडता त्याचा व्यस्त मांडायचा. मग रेषा खाली उतरत शून्याकडे जाते आणि कुठे टेकणार ते आधीच दिसतं. ५ आणि ६ जोडून रेषा वाढवली तर ७.३. ६.५ आणि ७ जोडली तर ७.४. क्रिटिकलच्या जवळही न जाता क्रिटिकल कुठे आहे ते कळलं. या प्रकल्पातला हा मला सगळ्यात आवडलेला आलेख.

शिकागोची ती पहिली अणुभट्टी उभारताना एन्रिको फर्मी या भौतिकशास्त्रज्ञानं हेच केलं होतं. स्टॅग फील्ड या मैदानाच्या प्रेक्षागाराखाली ग्रॅफाइटच्या विटा आणि युरेनियम थरांवर थर रचत गेले आणि चढत्या ढिगाबरोबर न्यूट्रॉनची मोजणी आलेखावर मांडत गेले. कितव्या थराला क्रिटिकल होणार ते रचतानाच दिसत होतं. १ डिसेंबर १९४२ च्या रात्री ५७ वा थर पूर्ण झाला. न्यूट्रॉन गिळणाऱ्या कॅडमियमच्या कांड्या बाहेर ओढल्या असत्या तर तेव्हाच झालं असतं, पण फर्मीचा सहकारी हर्बर्ट अँडरसननं मोह आवरला. दुसऱ्या दिवशी एक-एक टप्पा कांडी ओढून मोजणी चालू असताना एक सुरक्षा कांडी आपोआप आत पडली, तिची मर्यादा फार खाली ठेवलेली होती. फर्मी म्हणाला, चला जेवायला. दुपारी परत येऊन पुढचे टप्पे घेतले. त्या वेळी मोजणी वाढून स्थिरावली नाही, वाढतच राहिली. २८ मिनिटं चालवून बंद केलं.

'वाढून स्थिरावते' आणि 'वाढतच राहते' यातला फरक म्हणजेच के एकाच्या खाली आणि वर. पुस्तकातल्या त्या ओळीपेक्षा हे मला जास्त पटलं.

७ सप्टेंबर

गणपती झाले. दहा दिवस काहीही केलेलं नाही. आज फक्त फाइलींची नावं नीट लावली.

११ सप्टेंबर

आकार. वस्तुमान तेच ठेवलं (घनफळ १,७१७ घन सेंमी) आणि गोळ्याचा घन केला, बाजू साधारण १२ सेंमी. के ०.९७ वर उतरला. मग तोच ऐवज ३० × ३० सेंमीची जेमतेम दोन सेंमी जाड पाटी केली. के सुमारे ०.४! पदार्थ तोच, वजन तेवढंच. पाटीतून न्यूट्रॉनला बाहेर पडायला कुठूनही वाट आहे.

मग आवरण. ६.१३ सेंमीचा छोटा गोळा उघडा असताना ०.८५. त्याच्याभोवती प्रश्नसंचातलं 'पाणी' तीन सेंमी गुंडाळलं. ते न्यूट्रॉन फारसे गिळत नाही, दहा धडकांपैकी नऊंत नुसतं विखुरतं, आणि त्यातले काही गोळ्यात परततात. के ०.९६ च्या वर गेला. गोळ्याला हातही लावलेला नाही.

पार्टनर म्हणाली, हे सगळं कागदावरच. म्हणून टोकाईमुराचं वाचून काढलं. ३० सप्टेंबर १९९९, जपान. इंधन तयार करण्याच्या कारखान्यात १८.८ टक्के समृद्ध (म्हणजे युरेनियम-२३५चं प्रमाण तेवढं वाढवलेल्या) युरेनियमचं द्रावण होतं. ते ज्या उंच, अरुंद नळकांड्यात जायला हवं होतं, त्याचा आकारच असा होता की न्यूट्रॉन निसटत राहावेत. कामगारांनी सोयीसाठी बादलीनं ते थेट रुंद टाकीत ओतलं. टाकीभोवती थंड पाण्याचं आवरण. सुमारे १६ किलो युरेनियम जमलं आणि निळा प्रकाश चमकला. दोन कामगार पुढे दगावले. साखळी जवळपास वीस तास चालू-बंद होत राहिली. ती थांबली कशी? आवरणातलं पाणी काढून टाकल्यावर. परतणारे न्यूट्रॉन परतेनासे झाले. नंतर खात्रीसाठी बोरिक अॅसिड घातलं.

माझी पाटी, माझा गोळा, माझं तीन सेंमी पाणी. एवढं वाचल्यावर आज आलेख काढायची इच्छा झाली नाही.

१९ सप्टेंबर

सादरीकरणाच्या तयारीत एक प्रश्न हमखास येणार: के १.००१ झाला तर काय होतं?

साध्या पाण्याच्या भट्टीत एक पिढी सेकंदाचा दहाहजारावा भाग धरू. सेकंदात दहा हजार पिढ्या, प्रत्येक १.००१ पट. म्हणजे ई (२.७१८) चा दहावा घात, बावीस हजार पट, एका सेकंदात. अशी भट्टी कुठलीही कांडी आवरू शकणार नाही. पण भट्ट्या चालतात.

त्याचं कारण दहा हजारांतले पासष्ट न्यूट्रॉन. हे विखंडनाच्या क्षणी जन्मत नाहीत. ब्रोमीन-८७ सारखे तुकडे आधी बीटा क्षय करतात आणि मग न्यूट्रॉन सोडतात. ब्रोमीन-८७ चं अर्धायुष्य ५५ सेकंदांच्या आसपास. हे पासष्ट रेंगाळत येतात, आणि के त्यांच्याशिवाय एकापर्यंत पोचत नसेल तर सगळ्या कळपाला त्यांच्यासाठी थांबावं लागतं. १.००१ ला संख्या ई पट व्हायला आता जवळपास मिनिटभर लागतो. के १.००६५ च्या पुढे गेला की मग रेंगाळणाऱ्यांची गरजच उरत नाही, तो प्रॉम्प्ट क्रिटिकल. या पासष्टांच्या वाट्याला 'एक डॉलर' म्हणतात आणि त्याखाली सेंटमध्ये मोजतात. रुपया का नाही, असा प्रश्न परीक्षकांनी विचारला तर माझ्याकडे उत्तर नाही.

माझ्या प्रोग्रॅमला वेळ कळतच नाही, तो फक्त पिढ्या मोजतो. त्यामुळे त्याच्या दृष्टीनं हे पासष्ट इतरांसारखेच. ही मर्यादा अहवालात ठळक लिहिली.

२६ सप्टेंबर

सादरीकरण झालं. परीक्षकांनी पहिलाच प्रश्न टाकला, "के कशावर ठरतो?" मी पाटीचा आलेख उघडला आणि त्यावरच दहा मिनिटं गेली. डॉलरचं कोणी विचारलं नाही. १.२५ ची गोष्ट मी आपणहून सांगितली, मॅडम मागे बसून मान डोलावत होत्या.

उरलेलं काम: न्यूट्रॉनचे दोन वेगगट करायचे आणि पाण्याचं आवरण पाच, दहा सेंमी करून के कुठे स्थिरावतो ते पाहायचं. पाच सेंमीची धाव आत्ता लावली आहे. चौदाव्या पिढीला ०.९८१, पंधराव्या ०.९९६, सोळाव्या ०.९७४. अजून तीस टाकून द्यायच्या आहेत.